पोटातला त्रिशूळ

काय शब्द सापडलाय! भेटेल त्याला धरून सांगत सुटलोय मी.

कागलात आमच्या घरी सध्या दीड महिन्याची पुतणी आहे. तिन्हीसांज झाली की गुडघे पोटाशी घेऊन, मुठी आवळून ती जी रडायला लागते ती थांबतच नाही. डॉक्टर म्हणाले, ‘कोलिक आहे, तीन-चार महिन्यांची झाली की आपोआप थांबेल.’ आजी म्हणाली, ‘शूळ उठलाय बघ लेकराच्या पोटात.’ मी दोन्ही शब्दांच्या मागे लागलो आणि मग काही उठवेना!

कोलिक मूळचा ग्रीक. कोलॉन म्हणजे मोठं आतडं, त्यावरून कोलिकोस. पहिल्या शतकातला रोमन लेखक प्लिनी सांगतो की हे दुखणं टायबेरियस बादशहाच्या काळात रोममध्ये शिरलं आणि पहिल्यांदा झालं ते खुद्द बादशहालाच. तब्येतीचं कारण सांगणारं फर्मान त्यानं काढलं, त्यात हे नाव वाचून अख्खं शहर बुचकळ्यात पडलं. एका दुखण्याच्या नावानं राजधानी गोंधळली! पुढं 1954 साली मॉरिस वेसल या अमेरिकन बालरोगतज्ज्ञानं बाळांच्या कोलिकचं माप ठरवलं : एरवी धडधाकट बाळ दिवसाला तीन तासांहून जास्त, आठवड्यातून तीन दिवसांहून जास्त आणि तीन आठवड्यांहून अधिक काळ रडलं, तर कोलिक. त्या मापात आतड्याचा उल्लेखच नाही, आहे ते नुसतं रडणं.

आणि आपला शूळ? शूल म्हणजे भाला, टोकदार खांब. महादेवाच्या हातातला त्रिशूळ तोच, गुन्हेगाराला ज्यावर चढवत तो सूळही तोच! सुश्रुतसंहितेच्या उत्तरतंत्रात नावाचं कारणसुद्धा दिलंय : अंगात खुंटी ठोकावी तशी तीव्र वेदना होते, म्हणून शूल. ग्रीकांनी दुखतं कुठं ते सांगितलं, आपण दुखतं कसं ते. मला आपला शब्द फार थोर वाटतो, तो दुखणाऱ्याच्या बाजूनं उभा आहे.

मग मुरडा आठवला. आजीच्या गुटीच्या डब्यातली मुरुडशेंग काढून पाहिली, तर दोरीसारखा पीळ! पोटात पीळ पडतो, त्याला द्यायची शेंगही पिळाचीच. लहानपणापासून ती डब्यात होती, पण नीट पाहिली ती आत्ता.

दूधगंगा ओलांडून थोडं गेलं की कर्नाटक. तिकडं पोटदुखीला होट्टेशूले म्हणतात, म्हणजे शूळ तिथंही पोचलाय. दुसऱ्याचं बरं झालेलं बघवलं नाही की मराठी माणसाला पोटशूळ उठतो. कन्नडात हेव्याला होट्टेकिच्चु म्हणतात, पोटातली आग! इकडं भाला, तिकडं विस्तव, पण जागा पोटच. निपाणीच्या मावशीला आजच फोन लावतो, तिच्याकडं आणखी शब्द नक्की असणार.