बाजू घेणारा बिशप

१९५२ साली विजय हजारे यांचा भारतीय संघ ओव्हलवर मालिकेतली शेवटची कसोटी खेळत होता. लेन हटनबरोबर इंग्लंडच्या सलामीला केंब्रिजचा एक तेवीस वर्षांचा विद्यार्थी उतरला आणि ११९ धावा काढून गेला. डेव्हिड शेपर्ड यांचं हे पहिलं कसोटी शतक. आपल्याकडच्या जुन्या क्रिकेटवेड्यांना त्या दौऱ्यातला फ्रेड ट्रूमनचा धुमाकूळ आठवतो, शेपर्ड सहसा आठवत नाहीत. ते आठवायला हवेत, आणि तेही शतकापेक्षा फार मोठ्या कारणासाठी.

शेरबोर्नची शाळा, केंब्रिज, ससेक्सचं कर्णधारपद. १९५४ मध्ये हटन आजारी पडले तेव्हा दोन कसोटींत इंग्लंडचं नेतृत्व. इंग्लंडमधल्या प्रतिष्ठितांची सगळी दारं या माणसाला उघडी होती. १९५५ मध्ये त्यांनी अँग्लिकन चर्चची दीक्षा घेतली. पुढच्याच वर्षी मँचेस्टरला जिम लेकरने १९ बळी घेतले, त्या सामन्यात इंग्लंडसाठी ११३ धावा काढणारा फलंदाज तेव्हा लंडनच्या इझ्लिंग्टन भागात सहायक पाळक होता.

१९५८ मध्ये ते पूर्व लंडनमधल्या कॅनिंग टाउन या गोदी कामगारांच्या वस्तीत मेफ्लॉवर केंद्र चालवायला गेले आणि १९६९ पर्यंत तिथेच राहिले. जाताना त्यांची श्रद्धा साधी होती: माणूस आतून बदलला की बाकीचं आपोआप सुधारतं. वस्तीत राहून मात्र वेगळंच दिसू लागलं. पोरं हुशार होती, पण त्यांच्याकडून शाळेला फारशी अपेक्षाच नव्हती. मेहनती माणसाच्या घराचं आणि कामाचं काय करायचं, हे दुसरीच माणसं दूर बसून ठरवत होती. अशा ठिकाणी नुसता हृदयपालट सांगत राहणं म्हणजे अर्धीच सुवार्ता सांगणं, हे त्यांना पटलं. त्यांच्या पुढच्या सगळ्या वागण्याचं मूळ या अकरा वर्षांत आहे.

दक्षिण आफ्रिकेच्या गोऱ्यांपुरत्या निवडलेल्या संघाविरुद्ध आपण खेळणार नाही, असं त्यांनी १९६० मध्येच जाहीर केलं होतं. खेळात राजकारण आणू नका, असा उपदेश त्यांना ऐकावा लागला. वास्तविक कातडीचा रंग पाहून संघ निवडणाऱ्यांनीच राजकारण मैदानात आणलं होतं.

खरी कसोटी लागली ती १९६८ मध्ये. केपटाउनमध्ये जन्मलेला मिश्रवंशीय बेसिल डॉलिव्हेरा मायदेशी वर्णभेदामुळे मोठं क्रिकेट खेळू शकत नव्हता, म्हणून इंग्लंडला आला आणि इंग्लंडकडून खेळू लागला. त्या ऑगस्टमध्ये ओव्हलवर त्याने ऑस्ट्रेलियाविरुद्ध १५८ धावा केल्या, तरी दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यासाठीच्या संघातून त्याला वगळण्यात आलं. पुढे संघातला टॉम कार्टराइट जायबंदी झाल्यावर डॉलिव्हेराची निवड झाली. पण हा संघ आपल्याला चालणार नाही असं दक्षिण आफ्रिकेचे पंतप्रधान फॉर्स्टर यांनी सांगितलं आणि दौराच रद्द झाला. डिसेंबरमध्ये दौऱ्याचा संघ पाठवणाऱ्या एमसीसी या क्लबच्या सभासदांची खास सभा भरली. तिथे समितीवर अविश्वासाचा ठराव मांडायला शेपर्ड उभे राहिले आणि त्याला अनुमोदन दिलं तरुण माइक ब्रिअर्लीने. समोर बसलेले बहुतेक जण शेपर्ड यांच्याच वर्तुळातले होते, कित्येक जण तर जुने सोबती. ठराव पडला. परक्यांवर टीका करायला फारसं धैर्य लागत नाही. ज्यांच्या पंगतीला रोज बसायचं, त्यांच्या तोंडावर तुमचं चुकलं म्हणायला लागतं.

१९७० मध्ये दक्षिण आफ्रिकेचा संघ इंग्लंडला यायचा होता. वर्णभेदविरोधी कार्यकर्ता पीटर हेन आणि त्याचे तरुण साथीदार मैदानात घुसून दौरा बंद पाडायच्या तयारीत होते. शेपर्ड यांनी सनदशीर विरोधाची मोहीम चालवली. सरकारने विनंती केल्यावर हा दौराही रद्द झाला.

१९७५ मध्ये ते लिव्हरपूलचे बिशप झाले. या शहरात प्रॉटेस्टंट आणि कॅथलिक यांचं वैर पिढीजात होतं, त्यातच गोदीचं काम आटत चाललं होतं. १९७६ मध्ये कॅथलिकांचे आर्चबिशप म्हणून डेरेक वर्लॉक आले आणि दोघांची जोडी जमली. कारखाना बंद पडण्याचं घाटत असेल तर दोघं मिळून मालकांना भेटायचे. ही जोडी सदैव एकत्र आणि सदैव वर्तमानपत्रात, म्हणून लिव्हरपूलकरांनी लाडाने तिचं नाव ठेवलं ‘फिश अँड चिप्स’. तिकडे ते खाणंही वर्तमानपत्रात गुंडाळूनच मिळायचं. जुलै १९८१ मध्ये लिव्हरपूलमधली टॉक्स्टेथ ही वस्ती पेटली. कृष्णवर्णीय तरुणांना पोलीस उठसूट अडवून झडती घेत, तो राग बाहेर आला होता. दोघंही धर्मगुरू त्या वस्तीच्या बाजूने बोलत राहिले.

१९८३ मध्ये शेपर्ड यांचं ‘बायस टू द पुअर’ हे पुस्तक आलं. देव गरिबांकडे झुकलेला आहे, हे शीर्षकातच होतं. त्याच वर्षी कँटरबरीचे आर्चबिशप रॉबर्ट रन्सी यांनी शहरांतल्या दारिद्र्याचा अभ्यास करायला आयोग नेमला; शेपर्ड त्याचे उपाध्यक्ष होते. ‘फेथ इन द सिटी’ हा अहवाल १९८५ च्या डिसेंबरमध्ये निघाला. त्यात सरकारच्या धोरणांवर टीका होती, तशाच खुद्द चर्चने काय सुधारायचं याच्याही शिफारशी होत्या, आणि त्या सरकारला केलेल्या शिफारशींपेक्षा संख्येने जास्त होत्या. तरी थॅचर यांच्या एका मंत्र्याने नाव न सांगता त्यावर मार्क्सवादाचा शिक्का मारला. ओरड विरून गेली. अहवालातून उभा राहिलेला चर्च अर्बन फंड गरीब वस्त्यांतल्या कामांना पैसे पुरवू लागला.

बिशपने सगळ्यांना समान अंतरावर ठेवावं, असं पुष्कळांना वाटतं. शेपर्ड यांनी ते मानलं नाही, आणि त्यांचं बरोबर होतं. एकाच्या हातात सगळं आणि दुसऱ्याच्या हातात काहीच नसेल, तर मध्यभागी उभा राहणारा माणूसही पहिल्यालाच मदत करत असतो. १९९७ मध्ये निवृत्त झाल्यावर पुढच्याच वर्षी ते उमराव सभेत गेले आणि तिथेही मजूर पक्षाच्या बाकांवर उघडपणे बसले. ५ मार्च २००५ रोजी, शहात्तराव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, ते वारले.