शत्रूची भाषा जाणणारा

भांडणांत दोन्ही पक्षांकडून बोलणीं खातो तो मध्यस्थ. भाऊबंदकी पाहिलेल्या घरांना हें निराळें सांगावयास नको. मला मात्र या माणसांविषयीं नेहमींच आदर वाटत आला आहे. आणि ऑब्री हर्बर्ट या इंग्रज सरदारपुत्राचें चरित्र वाचल्यापासून तो अधिकच दृढ झाला आहे.

कार्नार्व्हनच्या चौथ्या अर्लच्या पोटीं १८८० सालीं हा जन्मला. कूळ थोर, संपत्ति विपुल. पण दृष्टि इतकी अधू कीं, तो जवळजवळ आंधळाच. तथापि तो तुर्कस्तान व आल्बेनिया हिंडला, तेथील भाषा शिकला आणि १९११ मध्यें पार्लमेंटांत निवडून आला. १९१४ सालीं महायुद्ध पेटलें. असल्या डोळ्यांच्या माणसास सैन्यांत कोण घेणार? त्यानें आयरिश गार्ड्सचा गणवेश मिळविला आणि पलटण निघाली तेव्हां रांगेंत मिसळून तो थेट फ्रान्सला गेला! तेथें तो जखमी होऊन शत्रूच्या हातीं सांपडला व पुढें सुटला.

त्याचें खरें कार्य गॅलिपोलीस झालें. १९ मे १९१५ रोजीं तुर्कांनीं आन्झॅक सैन्यावर हल्ला केला. त्यांत त्यांचे सुमारें ३,००० लोक पडले. दोन्ही खंदकांच्या मध्यें प्रेतें कुजूं लागलीं. तीं पुरण्यापुरती तरी लढाई थांबवावी, असा हर्बर्टनें आग्रह धरला. २४ मे रोजीं सकाळीं साडेसातपासून दुपारीं साडेचारपर्यंत युद्ध थांबलें. हर्बर्ट दोहोंकडच्या लोकांत तुर्की बोलत हिंडत होता. अखेरीस तुर्क शिपाईच त्याच्याकडे हुकूम मागूं लागले, असें त्यानें लिहून ठेविलें आहे.

पण मध्यस्थीसहि मर्यादा असते. पुढल्याच वर्षीं इराकांतील कुत येथें पुण्याची सहावी डिव्हिजन वेढ्यांत उपाशी पडली होती. तींत आपल्या मराठा पलटणीहि होत्या. २९ एप्रिल १९१६ रोजीं हर्बर्ट व लॉरेन्स खलील पाशास भेटले. पैशाचें आमिष तुर्कांनीं आधींच झिडकारलें होतें, आणि त्याच दिवशीं कुतनें शरणागति दिली. कांहीं आजारी व जखमी तेवढे सुटले. उरलेल्या हजारों कैद्यांपैकीं कितीतरी वाटेंत व बंदिवासांत मेले. ज्यांच्या घरचे हे शिपाई, त्यांना त्या भेटीचें काय सुख?

आल्बेनियाचें सिंहासनहि देऊं केलें गेलेला हा पुरुष १९२३ सालीं, अवघ्या त्रेचाळिसाव्या वर्षीं वारला. दृष्टि परत यावी म्हणून त्यानें दांत काढविले, आणि त्यांतून रक्तांत विष भिनलें.

हिशेब मांडला तर त्याच्या पदरीं नऊ तासांची शांतता आणि थोडेसे वांचलेले जीव, एवढेंच पडतें. मला तें थोडें वाटत नाहीं. एका घरांत दोन चुली होऊन वर्षानुवर्षें अबोला चालतो. कोणाच्या तरी मृत्यूनेंच तो सुटावा, अशी जणू रीतच पडून गेली आहे. त्यापूर्वींच उंबरठा ओलांडून पहिला शब्द बोलणारा कोणी निघाला, तर त्याला यश येवो न येवो, त्याला बोल लावण्यापूर्वीं घरानें क्षणभर थांबावें.