दोन औषधं, दुप्पट गुण?

घर स्वच्छ करायला घेतलं की आपला हात जरा सैलच सुटतो, नाही का? डब्यावर चमचाभर लिहिलं असेल, तर आपण वाटीभर ओतणार! हाच सैल हात २०१९ च्या ऑगस्टमध्ये मला फार महागात पडला.

माझं सासर सातारा, माहेर सांगली. कृष्णा आमच्या महाबळेश्वरातून निघते आणि माझ्या माहेरी जाते, याचं मला केवढं कौतुक! पण त्या वर्षी आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांवर गेलं. धोक्याची पातळी ४५ फूट. कृष्णामाई थेट आईच्या स्वयंपाकघरात शिरली.

पूर ओसरल्यावर शाळेतून रजा काढून मी धावले. घरभर गाळ आणि कुबट वास. मोरीत ब्लीचिंग पावडर टाकली, तरी ती उजळेना. मग त्यावरच मी संडास धुवायचं अ‍ॅसिड ओतलं. म्हटलं, दोन औषधं, दुप्पट गुण! क्षणात नाकाडोळ्यांना झोंबणारा वायू सुटला. आईला दमा. तिचा श्वासच अडकला. भावाने तिला उचलून बाहेर आणलं, दवाखान्यात नेलं. संध्याकाळी ती सावरली; माझे हातपाय मात्र कापतच होते.

मी बी. ए. मराठीची. आमच्या शाळेतल्या विज्ञानाच्या बाईंनी मग समजावलं. ब्लीचिंग आणि अ‍ॅसिड एकत्र आलं की क्लोरीन हा विषारी वायू सुटतो. ब्लीचिंगमध्ये फिनेलही मिसळू नये.

आधी गाळ काढून जागा साबणाच्या पाण्याने धुवावी, कारण मळातच ब्लीचिंगची शक्ती वाया जाते. मग दहा लिटर पाण्यात ३० ग्रॅम ताजी पावडर कालवावी. चुना खाली बसला की वरचं निवळ पाणी फरशीवर पसरून दहा मिनिटं ओलं ठेवावं आणि धुऊन टाकावं. दारं-खिडक्या उघड्या हव्यात, हातात मोजे हवेत. लोखंडी ट्रंकेला हे पाणी लावू नये, ती गंजते. उघडी राहिलेली जुनी पावडर तर निकामीच समजा.

आता माझ्याकडे पावडरचा डबा एका कोनाड्यात, अ‍ॅसिडची बाटली दुसऱ्याच खोलीत. मी माहेरी जाऊन खराटा हातात घेतला, की आई आधी विचारते, ‘‘बाई गं, आज दोन्हीपैकी कुठलं?’’