खिडकीचा हिरवा रंग

गावच्या घरातली माजघराची खिडकी मीच काढायला घेतली, कारण मे महिन्यात सुताराला वेळ नव्हता आणि मला होता. सागवानी चौकट, पाच गज, दोन झडपा. वर हिरवा ऑईलपेंट, आईबाबांच्या लग्नात लावलेला. खालच्या लाकडाला वाळवी लागलेली, त्यामुळे पावसाआधी नवी बसवायची होती.

पहिल्या दिवशी झडपा उतरवल्या आणि आतलं लाकूड कसं आहे बघू म्हणून पॉलिशपेपर मारत बसलो. तासाभरात सगळीकडे हिरवी पूड. ताईची दहा महिन्यांची मुलगी तिथेच रांगत होती. तिचे हिरवे तळवे बघून आम्ही सगळे हसलो. मी फोटोही काढला.

रात्री फोनवर चौकट कशी काढायची ते शोधत होतो, तेव्हा शिशाबद्दल वाचलं. आपल्याकडे घरगुती रंगातल्या शिशावर ९० पीपीएमची मर्यादा लागू झाली ती नोव्हेंबर २०१७ पासून. आमचा हिरवा त्याच्या कितीतरी आधीचा. त्यात शिसं असेलच असं नाही, पण नसेल असं धरून चालता येत नाही. लहान मुलांच्या मेंदूवर ते परिणाम करतं आणि इतपत चालेल असं त्याचं प्रमाण नाही. त्यात खिडकी उघडता-मिटताना रंग घासला जातो, म्हणजे मी पेपर लावायच्या आधीही धूळ पडतच असणार. तिच्याखाली मीही रांगलो होतो.

ताईला उठवून सांगितलं. ती एक शब्द बोलली नाही. सकाळी मुलीला घेऊन काकूकडे राहायला गेली.

आई केरसुणी घेऊन आली, तिला थांबवलं. झाडलं की पूड उडते. ओल्या फडक्यांनी तीनदा पुसलं आणि फडकी टाकून दिली. खाली प्लास्टिक, तोंडाला एन९५, हातात पाण्याचा फवारा. रंग खरवडायचाच नाही, चौकट रंगासकट काढायची. बाबांनी आधी वरची भिंत बघितली. चौकटीच्या वर वेगळं आडवं लाकूड दोन्हीकडे भिंतीत शिरलंय ना? "नसेल तर भिंत चौकटीवरच बसलेली असते. काढलीस की डोक्यावर." होतं, आणि शाबूत होतं. मग गज कापले, बाजूचे होल्डफास्ट हॅक्सॉने तोडले, खालचं लाकूड पाणी मारत मधोमध कापलं आणि दोन्ही तुकडे आत ओढले. वरचं लाकूड सुटेपर्यंत बाबांनी खालून हात काढला नाही.

आईला ती लाकडं न्हाणीच्या चुलीला हवी होती. तेही नाही म्हटलं, धुरातून शिसं पसरतं. "मग सागवानाचं करायचं काय?" ते मलाही माहीत नाही. प्लास्टिकमध्ये गुंडाळून पडवीत ठेवलंय.

भाचीचं रक्त तपासायला दिलंय, रिपोर्ट शनिवारी येईल. तिच्या तळव्यांचा फोटो अजून फोनमध्ये आहे. ताईने तो मागितलेला नाही.