एकटाच असून ‘लोगन’





या पानावर आम्ही दरवर्षी निकाल, नवीन वर्गखोल्या आणि स्नेहसंमेलन यांविषयी लिहितो. ती सर्व माहिती यंदा कार्यवाहांच्या अहवालात आलीच आहे. म्हणून आज आम्ही एका नावाविषयी लिहिणार आहोत. त्या नावाच्या निमित्ताने आमच्या हातून एक चूक झाली. ती आपल्यासमोर मांडणे हे आमचे कर्तव्य आहे असे आम्हांस वाटते.

गेल्या जूनमध्ये शाळा उघडली, तेव्हा आपल्या शाळेशी तीन पिढ्यांचा संबंध असलेले एक वयोवृद्ध गृहस्थ नातवाला घेऊन आमच्याकडे आले. मुलगा आठ वर्षांचा, तिसरीत जाणारा. त्याचे आईवडील कॅनडात बारा वर्षे राहून ग्वाल्हेरला परत आले होते. मुलगा मराठी बोलत होता, पण शब्द जिभेवर घोळवून, चाखून पाहिल्यासारखे. आम्ही जन्मदाखला हातात घेतला. नावाच्या रकान्यात लिहिले होते, ‘लोगन’.

आजोबा खुर्ची पुढे ओढून हळूच म्हणाले, “सर, हे नाव तुम्हीच काय ते पाहा. आमच्या घरात असं नाव कधी कुणाचं नव्हतं. तुम्ही आपलं लोकेश लिहा.”

दाखल-खारिज रजिस्टरमध्ये जन्मदाखल्यावरचेच नाव लिहावे लागते, हे आम्ही त्यांना सांगितले. पण त्यांचा चेहरा पाहून आम्हीच पुढे म्हणालो, “रजिस्टरात लोगन राहू द्या. वर्गात बाई लोकेश म्हणतील. मुलं काय, चार दिवसांत रुळतात.” मराठी शाळेत मराठमोळे नाव शोभेल, असेही तेव्हा आमच्या मनात आले. मुलगा भिंतीवरचा नकाशा बघत होता. त्याला आम्ही काहीच विचारले नाही. चूक झाली ती इथे.

महिनाभराने वर्गशिक्षिका तक्रार घेऊन आल्या. मुलगा लक्ष देत नाही. नाव घेतले तरी उत्तर देत नाही, तीनदा हाक मारावी लागते. घरी चिठ्ठी पाठवू का, असे त्या विचारीत होत्या. आम्ही त्या वर्गावर गेलो. बाईंनी हजेरी घेतली. “लोकेश!” मुलगा खिडकीबाहेर पाहत होता. आपल्याला कुणी हाक मारली आहे हे त्याच्या गावीच नव्हते. आम्ही सहज म्हणालो, “लोगन.” तो ताडकन उभा राहिला आणि म्हणाला, “हजर!”

वर्ग हसला. मागच्या बाकावरच्या एका चुणचुणीत मुलाने विचारले, “सर, हा तर एकटाच आहे, मग लोगन कसा?” आपल्याकडच्या बोलीत ‘लोगन’ म्हणजे लोक, माणसे. ‘लोगन ने कही’ हे बाड्यावर दिवसातून दहा वेळा कानी पडते. आम्हांलाही हसू आले. पण तो मुलगा मात्र हसत नव्हता, आणि त्याचा तो चेहरा आम्हांला ओळखीचा वाटला.

तो आमचाच चेहरा होता, पन्नास वर्षांपूर्वीचा.

आमचे आडनाव तळेकर. आमचे सारे शिक्षण, अगदी पदवीपर्यंत, हिंदी माध्यमातून झाले. मराठी शिकलो ती आईजवळ, स्वयंपाकघरात आणि गणपतीच्या आरतीत. प्राथमिक शाळेत नाव घातले त्या दिवशी गुरुजींनी ‘तळेकर’चे ‘तलेकर’ केले. त्यांचा दोष नव्हता, हिंदीच्या वर्णमालेत ‘ळ’ नाही. ऋग्वेदाच्या पहिल्याच ऋचेत ‘ळ’ आहे, मराठीत तो पावलोपावली आहे, पण हिंदीच्या पाटीवर त्याला जागा नाही. होळकरांसारखे राजघराणेसुद्धा हिंदीत ‘होलकर’ होते, मग आमची काय कथा! पण वर्गातल्या मुलांना गंमत सापडली. “तलेकर, आज क्या तला? समोसे या भजिये?” हे आम्ही पाच वर्षे ऐकले. घरी येऊन वडिलांना म्हणालो, आपले आडनाव बदला. वडील म्हणाले, “आपले पूर्वज तळ्याकाठच्या गावचे. ते गाव आपण सोडलं, त्याला कितीतरी पिढ्या झाल्या. तळं आहे की आटलं तेही ठाऊक नाही. पण नावात अजून पाणी आहे.” तेव्हा ते समजले नाही. दहावीच्या प्रमाणपत्रावर आम्ही ‘तलेकर’च राहिलो, नियुक्तिपत्रावरही तेच आणि पेन्शनच्या कागदांवरही तेच राहणार.

असा अनुभव असलेल्या माणसाने एका मुलाचे नाव त्याला न विचारता बदलावे, याची आम्हांला त्या दिवशी फार लाज वाटली.

मधल्या सुट्टीत मुलाला बोलावले आणि विचारले, “तुला काय म्हणायचं?” तो नकाशापाशी गेला. कॅनडाच्या वायव्य टोकाला, अलास्काच्या हद्दीजवळ त्याने बोट ठेवले. “इथे माउंट लोगन आहे. कॅनडातला सगळ्यात उंच पर्वत. माझं नाव पर्वताचं आहे.” त्या दोन वाक्यांत त्याचा सगळा अभिमान होता.

हे खरेच आहे. युकॉन प्रदेशातला माउंट लोगन ५,९५९ मीटर उंच आहे. उत्तर अमेरिकेत त्याहून उंच पर्वत एकच, अलास्कातला देनाली. त्याच्या माथ्यावर माणूस पहिल्यांदा पोहोचला तो १९२५ साली. पर्वताला नाव मिळाले ते सर विल्यम लोगन या भूगर्भशास्त्रज्ञाचे. ते १७९८ साली माँट्रियलमध्ये एका स्कॉटिश कुटुंबात जन्मले. कॅनडाचे भूगर्भ सर्वेक्षण खाते १८४२ साली सुरू झाले, त्याचे ते पहिले प्रमुख.

पण शिक्षकाचा स्वभाव स्वस्थ बसू देत नाही. पर्वताला नाव माणसाचे, मग माणसाला ते कोठून आले? आम्ही शोध घेतला आणि जे हाती लागले त्याने अडचणीत पडलो.

लोगन हे मुळात स्कॉटलंडमधल्या जागेचे नाव. तिथल्या डोंगराळ भागाची जुनी भाषा गेलिक. तिच्यात ‘लग’ म्हणजे खळगा, खोलगट जमीन. त्याला लहानपणा दाखवणारा प्रत्यय लागून ‘लगन’ झाले. आपल्याकडे खळग्याची खळगी होते, तसेच. आपल्या ‘मन लावून केलेल्या’ लगनशी त्याचे काही नाते नाही, केवळ कानाला सारखे लागते. नैऋत्य स्कॉटलंडमध्ये एअरशायर म्हणून परगणा आहे. तिथल्या लोगन नावाच्या जागेवरून एका घराण्याचे आडनाव पडले. आयर्लंडमध्येही लोगन आहेत, पण त्यांतल्या अनेकांचे आडनाव वेगळ्याच आयरिश शब्दावरून आले आहे.

आडनावाचे पाळण्यातले नाव कसे झाले, हेही ऐकण्यासारखे आहे. स्कॉटलंडमध्ये आईच्या माहेरचे आडनाव मुलाला नाव म्हणून देण्याची जुनी चाल आहे. अशा रीतीने जागेचे नाव आडनाव झाले आणि आडनाव मुलाचे नाव झाले. ग्लेन म्हणजे दरी, क्रेग म्हणजे कडा, रॉस म्हणजे समुद्रात घुसलेले भूशिर, डग्लस म्हणजे काळ्या पाण्याचा ओढा. आपण ही नावे क्रिकेटच्या धावफलकावर वाचतो. तो सगळा एका डोंगराळ देशाचा भूगोल आहे.

या घराण्याचे नाव इतिहासातही आहे. स्कॉटलंडचा राजा रॉबर्ट ब्रूस १३२९ साली वारला. आपले हृदय धर्मयुद्धात न्यावे अशी त्याची अखेरची इच्छा होती. सर जेम्स डग्लस ते हृदय चांदीच्या डबीत घेऊन निघाला. १३३० साली स्पेनमध्ये तेबा येथे तो लढाईत पडला. त्याच्याबरोबर पडलेल्यांत रॉबर्ट आणि वॉल्टर लोगन हेही होते. हृदय मात्र स्कॉटलंडला परत गेले आणि मेलरोझच्या मठात पुरले गेले. पुढे हे नाव आपल्या देशातही येऊन गेले. मलबारचे कलेक्टर विल्यम लोगन स्कॉटलंडचेच. १८८७ साली निघालेला त्यांचा ‘मलबार मॅन्युअल’ हा ग्रंथ केरळच्या अभ्यासकांना अजूनही लागतो.

हे सर्व ठीक. पण आपले नाव सर्वांत उंच पर्वताचे आहे असे मानणाऱ्या आठ वर्षांच्या मुलाला, तुझ्या नावाचा अर्थ ‘लहानसा खळगा’ आहे, हे सांगायचे कसे? दोन दिवस आम्ही टाळले. मग वाटले, खोटे बोलून राखलेला अभिमान फार दिवस टिकत नाही. शिवाय आज ना उद्या तो स्वतःच शोधणार. आजोबांनाही बोलावले आणि दोघांसमोर सांगितले.

मुलाचा चेहरा उतरला. “म्हणजे... खड्डा?”

आम्हांला उत्तर सुचेना. तेव्हा आजोबाच बोलले, आणि त्या दिवशी ते प्रथमच नातवाशी त्याच्या नावाविषयी बोलले.

“अरे, खड्डा नव्हे. लवण.”

आम्ही हिंदीत शिकलेले. आमच्या डोक्यात लवण म्हणजे मीठ, रसायनशास्त्राच्या पुस्तकातले. आम्ही बुचकळ्यात पडलेले पाहून ते हसले. “सर, माझी आजी म्हणायची. शेतात जमीन जिथे खाली लवते, खोलगट होते, ती लवण. आपलं डबऱ्याकडचं शेत आहे ना, त्याच्या लवणात वरच्या बांधांवरून वाहून आलेली माती साचते, पाणी थांबतं. दुष्काळात वरचं रान करपलं तरी लवणातला धान हुकत नाही. माझे वडील मला शाळेत घालू शकले ते त्या लवणावर.” मग नातवाकडे वळून म्हणाले, “दिवाळीत दाखवीन तुला.”

नंतर घरी जाऊन मराठी कोश उघडला. आजोबांची आजी बरोबर होती. तेव्हा लक्षात आले की डबरा या शब्दाचा अर्थही पाणी साचलेला खळगाच. आम्ही आयुष्यभर त्या स्टेशनवरून आगगाडीने गेलो आणि हा विचार कधी केला नाही.

आपल्या समाजाकडे पाहिले तरी हेच दिसते. डोंगरे, टेकाडे, पठारे, दरेकर, तळेकर ही आपली आडनावे जमिनीचीच आहेत. होळकरांचे होळ हे गाव नीरेच्या काठी. आपण ग्वाल्हेरकर ज्याला लश्कर म्हणतो, ती दौलतराव शिंद्यांची १८१० सालची छावणी. छावणी केव्हाच उठली, नाव राहिले. आपण मुलांची नावे गिरीश, शैलेश, सागर अशी मोठी, उंच, अथांग ठेवतो. खोलगट जमिनीचे नाव मुलाला ठेवावे असे आपल्याला सुचत नाही. कोणा स्कॉटिश आईने आपल्या माहेरच्या नावाची आठवण म्हणून ते ठेवले, आणि आता ते आपल्या तिसरीच्या हजेरीपटावर आहे.

दुसऱ्या दिवशी प्रार्थनेनंतर आम्ही सर्व मुलांसमोर ही हकिगत सांगितली. महिनाभर चुकीच्या नावाने हाक मारल्याबद्दल त्या मुलाची माफीही मागितली. प्राचार्यांनी अशी माफी मागावी का, असा प्रश्न काही हितचिंतकांनी नंतर विचारला. आमचे उत्तर एवढेच, की आमच्या गुरुजींनी एकदा तरी ‘ळ’ म्हणून पाहिला असता, तर आम्हांला फार बरे वाटले असते.

मुले अजून “लोगन, कितने लोगन?” असे चिडवतात. पण आता तोही बोटे मोजून “एक” म्हणतो आणि हसतो. दिवाळीच्या सुट्टीत तो डबऱ्याला जाऊन आला. आजोबांनी त्याला लवणात उभे केले. धानाची कापणी झाली होती, जमीन ओलीच होती आणि बूट चिखलात रुतले, असे त्याने निबंधात लिहिले आहे. निबंधाचे नाव ‘माझे शेत’. शुद्धलेखनाच्या चुका अकरा, पण ‘लवण’ आणि ‘तळे’ हे दोन्ही शब्द बरोबर आहेत.

विश्वस्त मंडळाच्या संमतीने या वर्षापासून आपण एक लहानसा बदल केला आहे. शाळेच्या अंतर्गत हजेरीपटावर प्रत्येक मुलाचे नाव त्याच्या घरी जसे उच्चारतात तसे, ‘ळ’सह, लिहिले जाईल. सरकारी कागदांवर जे आहे ते राहील. त्याशिवाय चौथीपासून पुढच्या प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या नावाचा आणि आडनावाचा अर्थ घरच्या वडीलधाऱ्यांना विचारून एक पान लिहून आणावे. आजी-आजोबा आहेत तोवर विचारून घ्या. अर्थ लहान निघाला तर हिरमुसू नका, आणि मोठा निघाला तर फुशारू नका.

पालकांना एकच विनंती. मुलाचे नाव बदलायचे मनात आले, तर आमच्याकडे येण्याआधी त्याला विचारा. आम्हीही आता विचारूनच लिहितो.

आपला,
प्राचार्य