विसार

साठ हजार रुपयांची पावती आमच्याकडे होती. एका जुन्या डायरीचं फाडलेलं पान. त्यावर निळ्या शाईत तात्यांचं नाव, '१४ मे' आणि '६०,००० मिळाले' एवढंच. खाली सही. पैसे कशाबद्दल मिळाले, हे त्या पानावर कुठेच नव्हतं.

ते ताईच्या लग्नाच्या जेवणाचे होते. २०२१ची अक्षय्य तृतीया १४ मेला होती. साडेतीन मुहूर्तांपैकी एक, त्यामुळे पुन्हा तिथी बघायची गरज नाही. जानेवारीत बोलणी झाली. नगर-मनमाड रस्त्यावरचं मंगल कार्यालय, ८०० ताटं, ताटाला १८० रुपये. पुरी, वांगं-बटाट्याचा रस्सा, मसालेभात, जिलबी, मठ्ठा. कोरोनाचे निर्बंध तेव्हाही पूर्ण उठले नव्हते, पण आजूबाजूला लग्नं धडाक्यात लागत होती आणि मेपर्यंत सगळं सुरळीत होईल असं प्रत्येकजण म्हणत होता. केटरर तात्यांच्या ओळखीचा. त्याने चहा पाजला, तात्यांनी कांद्याच्या पट्टीचे पैसे मोजून दिले, त्याने डायरीचं पान फाडलं. मी शेजारीच बसले होते. कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला होते. मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

२२ एप्रिलच्या रात्री आठपासून राज्यात नवे नियम लागू झाले. लग्नाला जास्तीत जास्त २५ माणसं, कार्यक्रम दोन तासांत उरकायचा, नियम मोडला तर ५० हजार दंड. ताईचं लग्न आमच्या ओट्यावर लागलं. स्वयंपाक आई, मावशी आणि चुलत्यांनी केला. भावकीतली निम्मी माणसं आपापल्या दारात उभी राहून अक्षता टाकत होती.

लग्नानंतर आठ दिवसांनी तात्यांनी केटररला फोन केला. तो म्हणाला, "पैसे कुठं जात नाहीत तात्या. धाकटीच्या लग्नात वळते करू."

धाकटी म्हणजे मी. मला तोवर कुणी बघायलाही आलेलं नव्हतं.

जूनमध्ये मी तात्यांना घेऊन त्याच्या घरी गेले. भांडायच्या तयारीनेच गेले होते. अंगणात पातेली, कढया, झारे पालथे घालून ठेवलेले होते आणि त्यांच्यावर धूळ बसली होती. त्याने वही काढून दाखवली. मोठ्या आचाऱ्याला आणि वाढप्यांच्या मुकादमाला मिळून १४ हजार उचल दिलेली होती. ते लोक गावाकडे निघून गेले होते. सलग दुसऱ्या वर्षी त्याचा सीझन बुडाला होता. तो खोटं बोलत नव्हता. पण आमचे उरलेले ४६ हजार त्याच्या घरखर्चात गेले होते, हेही खोटं नव्हतं.

ते पुढे हप्त्याने द्यायचं ठरलं. पुन्हा तोंडीच. दोन हप्त्यांत २५ हजार आले, मग फोन उचलणं बंद झालं. २१ हजार आजही यायचे आहेत.

त्या दिवसांत मी रात्री मोबाईलवर कायदा वाचत बसायचे. भारतीय करार कायदा १८७२चा आहे. तरी त्याच्या ६५व्या कलमात माझी गोष्ट जवळजवळ होतीच. करार पुढे पूर्ण करणं अशक्य किंवा बेकायदा झालं, तर घेतलेला लाभ परत करावा लागतो. त्याखाली एक उदाहरण आहे. गायकाने कार्यक्रमासाठी आगाऊ हजार रुपये घेतले, पण आजारामुळे त्याला गाता आलं नाही. त्याने समोरच्याच्या बुडालेल्या नफ्याची भरपाई द्यायची नाही, पण आगाऊ घेतलेले हजार मात्र परत करायचे. मी ते उदाहरण तात्यांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, "आपला केटरर कुठं आजारी होता?"

विनोद नव्हता तो. त्यांना खरंच प्रश्न पडला होता की चूक ना त्याची ना आपली, तर मग पैसे कुणाचे? कायद्याचं उत्तर सरळ आहे: ज्या कामासाठी घेतले ते झालं नाही, तर ते देणाऱ्याचे. पण काम कोणतं, किती ताटांचं, तारीख हुकली तर काय, उचलीचा भार कुणी सोसायचा, यातलं काहीही आमच्या पानावर नव्हतं.

ग्राहक आयोगात जाता आलं असतं. २०१९च्या कायद्याप्रमाणे तक्रार जिल्हा आयोगात करता येते, पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, अर्ज ऑनलाईन भरता येतो. आधी १९१५ या हेल्पलाईनवर फोन करून बघता येतं. मुदत दोन वर्षांची. तात्या म्हणाले, "जेवणाच्या पैशापायी माणसाला कोर्टात ओढायचं? लोक काय म्हणतील?" मुदत निघून गेली.

मला राग आला होता, आणि तो केटररपेक्षा तात्यांवर जास्त होता. कारण हेच तात्या दहा गुंठे घेताना स्टॅम्पपेपरवर विसारपावती केल्याशिवाय एक रुपयाही सोडत नव्हते. चतुःसीमा, साक्षीदार, खरेदीखताची मुदत, सगळं. त्यांच्या पत्र्याच्या पेटीत त्या पावत्या प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून ठेवलेल्या आहेत. जमिनीच्या विसाराला एवढा कागद आणि दीड लाखाच्या जेवणाला डायरीचं पान?

खूप नंतर मला त्याचं कारण थोडं कळलं. तात्यांच्या लग्नात केटरर नव्हताच. आचारी होता. तो यादी द्यायचा, किराणा आपण नगरच्या आडते बाजारातून भरायचा, भांडी गावची, वाढायला तालमीतली पोरं. आचाऱ्याला फक्त मजुरी. तो आला नाही तर बुडायची ती मजुरीच, आणि शेजारच्या गावातून दुसरा आणता यायचा. आता किराणा, गॅस, भांडी, वाढपी, पाणी, उष्टी ताटं उचलणारी बाई, सगळं एकाच माणसाच्या हातात गेलंय. व्यवहार पार बदलला, आम्ही बोलणी मात्र अजून आचाऱ्याशी करावीत तशीच करतो.

२०२४च्या डिसेंबरात माझं लग्न ठरलं. तोवर मी पुण्यात नोकरीला लागले होते. ६०० ताटं, ताटाला २६० रुपये, केटरर नवा. बोलणीला मी स्वतः बसले आणि पिशवीतून दोन पानं काढली. मामा म्हणाले, "नवरीने हे बघायचं नसतं." केटररही जरा ताठरला. "ताई, आमच्या शब्दावर भरवसा नाही का?"

मी म्हणाले, "आहे. म्हणून तर तुमचाच शब्द लिहिलाय. वाचून बघा."

त्या पानांत काय होतं ते सांगते, कुणाला उपयोगी पडेल. तारीख, वेळ, ठिकाण. प्रत्येक पदार्थाचं नाव. पाणी, गॅस आणि वाढपी कुणाकडे. त्याचा १४ आकडी एफएसएसएआय नंबर. पैसे तीन टप्प्यांत: बुकिंगला ४० हजार, आठ दिवस आधी ६० हजार, उरलेले ५६ हजार जेवणं झाल्यावर ताटांच्या मोजणीप्रमाणे. मोजणी दोघांच्या माणसांनी मिळून करायची, कारण लग्नात सगळ्यात मोठं भांडण तिथेच होतं. सरकारी आदेशाने कार्य थांबलं, तर प्रत्यक्ष झालेला खर्च दाखवून तेवढा कापायचा आणि बाकी १५ दिवसांत परत. आम्ही रद्द केलं तर किती कापायचं, ते दिवसांप्रमाणे. हा आकडा वाट्टेल तेवढा लिहूनही चालत नाही. करार कायद्याच्या ७४व्या कलमाप्रमाणे लिहिलेली रक्कम ही वरची मर्यादा, मिळते ती वाजवी भरपाई. पैसे शक्यतो बँकेतून, आणि रोख दिलेच तर पाच हजारांच्या वरच्या पावतीवर एक रुपयाचं रेव्हेन्यू तिकीट.

केटररने दोन्ही पानं सावकाश वाचली. मग पेन मागितलं. मला वाटलं काहीतरी खोडणार. त्याने खाली स्वतःच्या अक्षरात लिहिलं: 'ताटांचा पक्का आकडा चार दिवस आधी सांगावा. त्यानंतर कमी झाल्यास पैसे कमी होणार नाहीत.'

"मागच्या महिन्यात एकाने हजार सांगून सहाशेच माणसं आणली," तो म्हणाला. "चारशे ताटांचं अन्न गेलं. पैसे मागायला तोंड नव्हतं, लिहिलेलं काहीच नव्हतं ना."

माझ्या कागदात त्याची बाजू राहून गेली होती. ती त्याने भरली. मला जुन्या केटररचं अंगण आठवलं. १४ हजारांची उचल आधीच कागदावर असती, तर त्यालाही फोन उचलायला लाज वाटली नसती कदाचित.

सह्या झाल्या. पत्त्यात मी 'जि. अहिल्यानगर' लिहिलं होतं. नाव नुकतंच बदललेलं. तात्यांनी ते दोनदा वाचलं आणि साक्षीदार म्हणून सही केली.

लग्नात ६२० ताटं झाली. मोजणीला तात्या स्वतः उभे होते, फेटा बांधून. वरच्या वीस ताटांचे पैसे त्यांनी तिथेच दिले. घरी आल्यावर ती दोन पानं माझ्याकडून मागून घेतली आणि पत्र्याच्या पेटीत ठेवली, जमिनीच्या विसारपावत्यांच्या पिशवीत.

त्या पिशवीत ते डायरीचं पानही अजून आहे.