किती डोळ्यांवर

तासगावची बाग विकल्यापासून आईने द्राक्ष तोंडात घातलं नव्हतं. देवनहळ्ळीला माझ्याकडे आली, तेव्हा मी तिला नंदीच्या पायथ्याशी एका वाइनरीत नेलं, जरा चुकलंच. चवीला चार पेले पुढे आले. तिने एक हुंगला, खाली ठेवला आणि वेलींकडे निघाली. तिथल्या कन्नड माळ्यापुढे काडी धरून बोटांची कात्री केली. "किती डोळ्यांवर छाटता?" त्याने दोन बोटं दाखवली. आई हसली.

परतताना रस्त्यावर बेंगळुरू ब्लू घेतली. जाड सालीची, बियांची. आईने अख्खा घड संपवला.

"2008 साली विमानतळ सुरू झाला, तशा बागा उठत गेल्या," मी म्हणालो. आमची इमारतही बागेवरच उभी आहे, हे सांगितलं नाही.